डोळे धुणारी गाडी

वैजनाथ गाडीपुढे उकिडवा बसला होता. अंगात इस्त्रीचा सदरा, हातात गोधडीची सुई. आत स्टिअरिंगला शेजारचा वाल्मिक.

"मार," वैजनाथ म्हणाला.

वाल्मिकने दांडी ओढली. पुढच्या काचेवर पाणी उडालं, वायपर हलले. खालच्या दिव्यांना त्याची दखल नव्हती.

"परत मार."

काच आणखी स्वच्छ झाली. सकाळपासून ती इतकी धुतली गेली होती, की अख्ख्या कोल्हारात तिच्याइतकी स्वच्छ वस्तू दुसरी नसावी.

गाडी पुण्याहून आणलेली, वापरलेली, पण थाटाची. बंपरात दोन्ही दिव्यांखाली एकेक बारकं झाकण. ते उघडतं, नळी बाहेर येते आणि दिव्याची काच धुते. विकणाऱ्याने आपल्या सोसायटीच्या अंधाऱ्या तळघरात हे करून दाखवलं होतं. वैजनाथने ते गावभर सांगितलं, यात नवल नाही. चूक एवढीच झाली, की फोनवर डोंगरातल्या अकोले गावच्या विहीणबाईंनाही सांगितलं.

"आमची गाडी डोळे धुती, विहीणबाई."

"धुऊ द्या की," राहीबाई म्हणाल्या. "गाडीच्या डोळ्याला पानी हाय तुमच्याकडं. आमच्या पायाला तेवढं नव्हतं."

लेकीच्या लग्नात ऐन विहिणीचे पाय धुवायच्या वेळी कार्यालयाची टाकी कोरडी पडली होती. वैजनाथच्या बायकोने, ज्योतीने, प्यायच्या पाण्यात बोट बुडवलं, विहिणीच्या अंगठ्याला लावलं आणि उरकलं. जेवण चांगलं होतं, साडी भारी होती, जावयाच्या बोटात अंगठी होती. हे सगळं एका पारड्यात आणि ते ओलं बोट दुसऱ्यात. राहीबाईंचं पारडं अजून बोटाकडेच झुकलेलं होतं. आज त्या लग्नानंतर पहिल्यांदा येणार होत्या, सुनेला पहिल्या पंचमीला माहेरी घेऊन. ठेवायची की चहा घेऊन परत न्यायची, ते "आल्यावर बघू" म्हणाल्या होत्या. लेकीचं माहेरपण त्या "बघू"ला टांगलेलं. वैजनाथने मनाशी जुळवणी केली होती: दारात गाडी डोळे धुणार, विहीणबाई हसणार, आणि हसलेलं माणूस सुनेला परत नेत नाही.

म्हणून फ्यूज पाहून झाला, टाकी भरून झाली, पाइप ओढून झाला. आता झाकणं उचकटून सुई चालू होती. एका नळीचं तोंड टोकरून टोकरून मोकळं झालं, जरा वाकडंही झालं. दुसरीच्या फटीत काहीतरी लाल, घट्ट बसलेलं.

"ह्ये कुनी भरलंय?"

"मी," ओट्यावरून ज्योती म्हणाली. "पूजेच्या दिवशी. चाकाला लावलं, दिव्याला लावलं, मग त्यालाच का सोडायचं?"

"आगं, त्यातनं पानी येतं."

"आलंय का अजून?"

वैजनाथने सुई पुन्हा फटीत घातली. तेवढ्यात फाटकात जीप थांबली.

राहीबाई उतरल्या. मागून पंकजा, खांद्यावर पिशवी. ती पिशवी तिने खाली ठेवली नाही, सासूच्या तोंडाकडे पाहत तशीच उभी राहिली.

"मावशी, मी जाऊ का थांबू?" जीपवाल्याने विचारलं.

"थांब. सांगते."

ज्योती पाणी आणायला आत वळायच्या आधीच राहीबाई गाडीसमोर येऊन ठाकल्या. डोंगरातला चिखल त्यांच्या घोट्यापर्यंत आला होता.

"हीच का ती?"

"हीच," वैजनाथ म्हणाला.

"धू म्हना."

"मार रे वाल्मिका."

काचेवर पाणी उडालं. राहीबाईंनी मान वर करून पाहिलं.

"डोळे वर हायत व्हय? मला वाटलं, खाली आसत्यात."

वैजनाथच्या इस्त्रीच्या सदऱ्याला पाठीवर घाम फुटला. "बंद कर," तो वाल्मिकवर खेकसला. "बंद कर ते."

वाल्मिक गडबडला. एका हाताने दांडी तशीच धरून दुसऱ्या हाताने जे सापडलं ते पिरगाळलं. भर दुपारी दिवे लागले. खट् करून झाकणं उघडली आणि मोकळ्या झालेल्या नळीने जीभ बाहेर काढली. तिचं तोंड वाकडं झालेलं होतं. पाणी दिव्यावर गेलं नाही, सरळ राहीबाईंच्या एका पायावर बसलं, चपलेसकट.

"दिवा लावावा लागतो व्हय," आतून वाल्मिक म्हणाला. "दिवसा कोन लावतंय, वैजनाथनाना?"

कुणी हसलं नाही. जीपवाल्याने इंजिन बंद केलं. पंकजाने पिशवीचा बंद घट्ट धरला.

राहीबाई त्या पायाकडे पाहत होत्या. चिखल पार निघून गेला होता. जोडवी चमकत होती.

"एक झाला," त्या म्हणाल्या.

वैजनाथला माफी मागायची होती, पण तोंडातून खरं तेच गेलं. "दुसऱ्या नळीत कुंकू अडकलंय, विहीणबाई. सुईनं काढतो."

"काढा." त्यांनी जीपकडे वळून न पाहता हात हलवला. "जा रे तू."

पंकजाने उगाच धोका पत्करला नाही. पिशवी घेऊन ती थेट आत गेली.

ज्योतीने खुर्ची आणली. राहीबाईंनी ती दुसऱ्या दिव्यासमोर सरकवून घेतली, बसल्या, चप्पल काढली आणि राहिलेला पाय पुढे केला. वैजनाथ त्या पायाशी पुन्हा उकिडवा बसला. वाल्मिकचा हात दांडीवर होता.

"ह्यातनं गरम न्हाई का येत?" राहीबाईंनी विचारलं.