चार बोटं कोरी जागा

"आई, अक्षरं नीट बघून लाव हं. एक जरी चुकलं तरी विद्यापीठ परत पाठवतं," मुलीनं आपल्या प्रबंधाच्या चार प्रती टेबलावर ठेवत सांगितलं.

"सव्वीस वर्षांत या दुकानातून चुकीचं नाव बाहेर गेलेलं नाही," आई म्हणाली. खळीचे हात फडक्याला पुसून तिनं पहिली प्रत पुढ्यात ओढली.

दुकान म्हणजे विद्यापीठामागच्या गल्लीतली एक खोली. कागद कापायचं यंत्र, शिवणीची सुई-दोरा, आणि कव्हरवर सोनेरी अक्षरं उठवायचा दाब. आईला वाचता येत नव्हतं. नमुना समोर ठेवायचा आणि आकार बघून धातूची अक्षरं एकेक करून जुळवायची, ही तिची रीत. कव्हरवर उठवण्याआधी ती रेक्झिनच्या पट्टीवर एकदा उठवून बघे, आणि ती पट्टी दोरीला टाचून ठेवी. भिंतभर दोऱ्या झाल्या होत्या. कुठली पट्टी कुणाची, हे तिला तोंडपाठ होतं.

शेजारचा झेरॉक्सवाला दारातून डोकावला. "काय डॉक्टरीणबाई, माझा गुडघा बघता का जरा?"

"मी त्यातली डॉक्टर नाही, काका."

"मग कशातली?"

"पाण्यातली. जुन्या विहिरी, तळी, त्यांची वाटणी."

"मग बघाच. गुडघ्यात पाणीच झालंय."

तिघंही हसले. मुलगी जरा आधी थांबली.

पाच वर्षं ती कॉलेजात तात्पुरती शिकवत होती. शुक्रवारी प्रबंध जमा झाला, तर सोमवारी कायम जागेसाठी मुलाखत. ती जागा मिळाली की कॉलेजच्या आवारात राहायला घर मिळणार होतं, आणि आईच्या हातांचा खळीचा वास जाणार होता. असं मुलगीच म्हणायची. आई म्हणायची, वास काय, साबणानंही जातो.

आई पानं मोजत शेवटाला आली. तिथं मोठा नकाशा घडी करून ठेवला होता. तिनं तो उलगडला. डावीकडच्या कोऱ्या जागेवर हात आडवा ठेवून बघितला.

"हा तूच काढलास?"

"मग कोण काढणार?"

"इथं चार बोटं कोरी का सोडलीस?"

"असंच सोडतात गं."

"छान काढलायस," आई म्हणाली. घडी पुन्हा घालायला तिला अंमळ वेळ लागला.

"मावशी, नकाशा म्हटलं की मला तो मफलरवालाच आठवतो," झेरॉक्सवाला म्हणाला. "काय पिडलं होतं त्यानं!"

"कोण मफलरवाला?" मुलीनं विचारलं.

"तू वसतिगृहावर होतीस तेव्हा. परगावच्या विद्यापीठाचा होता, इथं मामाकडं राहून लिहायचा. भर उन्हात गळ्याला मफलर. चपला झिजवून झिजवून पार पत्रावळ केलेली. त्याचा नकाशा दर वेळी शिवणीत अडकायचा. तीनदा नवा काढून आणला बिचाऱ्यानं."

"शेवटी मी सांगितली तेवढी जागा डावीकडं कोरी सोडली, तेव्हा बसला ना पण," आई म्हणाली. "ती बघ त्याची पट्टी, खिडकीजवळची."

मुलीनं खिडकीकडं बघितलं नाही. घड्याळाकडं बघितलं. "आई, एक म्हणू? चौकात कॉम्प्युटरवर कव्हरं छापून देतात. तासाभरात. तुला उगाच डोळ्यांना ताण."

"का? माझा भरवसा नाही?"

"तसं नाही गं."

"मग परवा सकाळी ने."

"परवा शुक्रवार! पाचला विद्यापीठाची खिडकी बंद होते."

"सकाळी म्हटलं ना."

त्या संध्याकाळी घरी आई जेवायला बसली, पण ताटात हात फिरवत राहिली. मुलगी मुलाखतीची तयारी करत होती.

"अजून एखादं वर्ष लागलं असतं तर चाललं नसतं का गं?" आईनं विचारलं.

"नसतं चाललं." मुलीनं मान वर केली नाही. "दर वर्षी ते नेमणुकीचं पत्र हातात पडेपर्यंत माझा जीव टांगणीला असतो. माझ्यामागून आलेले कायम झाले. तुला नाही कळायचं ते."

"नाही कळायचं," आई म्हणाली, आणि ताट उचलून आत गेली.

दुसऱ्या दिवशी दुकानाचं दार दिवसभर अर्धं लोटलेलं होतं. आतून दाबाचा आवाज येत होता. झेरॉक्सवाल्यानं चहाला हाक मारली, तर आतून उत्तर आलं, "नंतर. हात गुंतलेत."

शुक्रवारी मुलगी इस्त्रीची साडी नेसून आली. चारही प्रती वर्तमानपत्रात गुंडाळून, दोरीनं बांधून तयार होत्या. आई दुसऱ्याच कुणाच्या तरी प्रबंधासाठी सुईत दोरा ओवत होती.

"झालं?"

"झालं. इथंच उघडून बघ. तिकडं खिडकीशी नको."

"अगं, वेळ कुठंय?"

"आहे. खिडकी पाचला बंद होते ना? अजून दिवस पडलाय."

मुलीनं दोरी सोडली. निळं रेक्झिन. ओळी एका रेषेत, सोनं कुठं फाटलेलं नाही, कुठं पसरलेलं नाही. विषय बरोबर, वर्ष बरोबर. एक अक्षर इकडचं तिकडं नव्हतं. वरच्या प्रतीवर एक जुनी, रंग उडालेली पट्टी ठेवली होती. खिडकीजवळच्या दोरीवर एक टाचणी नुसतीच लोंबत होती.

पट्टीवर आणि चारही कव्हरांवर एकच नाव होतं. मफलरवाल्याचं.