लोण्याचा दोष

सगुणामावशींनी केळीच्या पानावरील लोण्याचा गोळा माझ्या दुकानाच्या फळीवर ठेवला. "चाखून बघ, दादा. आज आंबूस नाही लागायचं."

लोणी पूर्वीइतकेच गोड होते. वास्तविक ते आंबूस कधीच नव्हते. गिऱ्हाइके आताशा पावाला लावण्यास डब्यातील मऊ, पिवळे बटर मागतात, हे सांगण्याचे धैर्य न झाल्याने मागील आठवड्यात मी लोण्यासच दोष दिला होता.

"उत्तम आहे," मी खालमानेने म्हणालो.

"म्हणजे माझ्याच हाताची चव गेली. हे सुनेनं घुसळलंय. रवी तिलाच देऊन टाकली कायमची."

सत्य सांगावयास मी तोंड उघडले, परंतु मावशी पदराने हात पुसत म्हणाल्या, "बरं झालं, तू स्पष्ट सांगितलंस. बाकीच्यांनी फसवलं असतं मला."