फ्रिजवरची अक्षरं

तट्ट करून रबर तुटलं आणि शांत स्वयंपाकघरात हिरुतची लांबलचक ‘ई’ मध्येच थांबली.

आजचं हे तिसरं. लांब स्वराला रबर ताणायचं, आखूड स्वराला सैल सोडायचं, असं वाचनालयातल्या इंग्रजी उच्चारांच्या वर्गात मिसेस कोवालचुकनी शिकवलं होतं. जबडा किती उघडला तेही दातांत बोटं धरून मोजायचं. सिंकपाशी आरसा टेकवून हिरुत रोज तोंड वासून उभी राहायची. कामावर निघताना नवरा, मेस्फिन, हमखास विचारायचा, दात सगळे जागेवर आहेत ना?

तीही हसायची. पण परीक्षा गुरुवारी होती. मायदेशी, हवासाच्या इस्पितळात आठ वर्षं तिने बाळंतपणं केली होती. इथे कॅल्गरीत पुन्हा नर्स व्हायचं तर इंग्रजी बोलण्याची परीक्षा पास होणं भाग होतं. दोनदा अर्ध्या गुणाने हुकली, दोन्ही वेळा उच्चारांत. आता हुकली तर वृद्धाश्रमाच्या स्वयंपाकघरातली भांडी काही सुटत नव्हती. म्हणून घरभर उच्चारांची चिन्हं चिकटवलेली. फ्रिजवर उलटं टांगलेलं इंग्रजी ई, दारावर एकमेकांना बिलगलेले ए आणि ई, नळावर स्वर लांबवणारे दोन ठिपके.

पाच वर्षांची ब्लेन टेबलाखाली बसून शाळेचं दप्तर उपसत होती. आईचा स्वर चुकला की तिथूनच बजावायची, तेही इंग्रजीत, की अजून उघड, अजून. घरच्या भाषेत, अम्हारिकमध्ये काही विचारलं तरी उत्तर इंग्रजीतच यायचं.

आता ती बाहेर आली आणि एक कागद तिने आईच्या हातात दिला. तुमच्या घरच्या अक्षरांत तुमचं नाव लिहा, असं बाईंनी सांगितलं होतं म्हणे. खाली ब्लेनने जांभळ्या खडूने, जीभ दातांत धरून लिहावं तसं, ठसठशीत लिहिलं होतं. उलटं ई, दोन ठिपके, लांब शेपटीचा एस, पुन्हा एक उलटं ई. बाजूला बाईंनी सोनेरी तारा चिकटवला होता. किती सुंदर लिपी, असा शेराही होता.

हिरुतला हसू फुटलं. हसता हसताच तिची नजर फ्रिजवरून दारावर आणि दारावरून नळावर गेली. तिच्या अक्षरांतलं घरात एकच पुस्तक होतं, आईने निघताना दिलेलं बायबल. ते कपाटात अगदी वरच्या खणात होतं, ब्लेनचा हात पोचणार नाही असं.

“ही माझी अक्षरं नाहीत गं, राणी.”

“रोज तूच तर म्हणतेस ती.”

हिरुत खाली फरशीवरच बसली. कागद उलटा करून तिने जांभळा खडू घेतला आणि ब्लेनच्या नावाची तीन अक्षरं काढली. काढताना ती नकळत पुटपुटत होती. लहानपणी सगळा वर्ग एका सुरात म्हणायचा तशी, एकेका अक्षराची सात-सात रूपं. आरशाची आठवण तिला झाली नाही.

ब्लेनने मान वाकडी करून पाहिलं. “पहिल्याला पाय आहेत.”

“हो.”

“ही तुझी?”

“माझी. आजीची. आणि तुझीसुद्धा.”

ब्लेनने अक्षरांवरून एकदा बोट फिरवलं. मग उठून ती फ्रिजपाशी गेली आणि उलट्या ई वर हात ठेवून उभी राहिली.

“मग ही कोणाच्या आईची?”