टोपलीखालचा दिवा

सूर्य झाकोळल्यापासून घरांना माणशी मोजून ऊब मिळे. शर्विल गेला त्याच संध्याकाळी भिंतीतल्या यंत्राने त्याचा वाटा तोडला. त्याचा लाडका दाढीवाला सरडा त्याच उबेवर जगत होता, हे दुःखात कुणाच्या ध्यानीच आलं नाही.

रीतीप्रमाणे सुलभाने पोराच्या जागी पीठ पसरून दिवा लावला, वर टोपली झाकली. सकाळी टोपली कलली होती आणि तिच्या कडेच्या पिठात इवल्या नख्या उमटल्या होत्या.

"अहो, आला होता! पाखराचा जन्म मिळाला त्याला," ती हमसून रडली.

ती देवापुढे गेल्यावर रघुवीरने टोपली उचलली. विझलेल्या दिव्याला बिलगून सरडा थंडीने लाकूड होऊन पडला होता.

आतून सुलभाने विचारलं, "आता उबेत असेल ना हो तो?"

रघुवीरने टोपली हळूच पुन्हा झाकली.

"हो," तो म्हणाला.