चंपाबाईंचा शॉट

हॉलमधले दिवे मालवले आणि चंपाबाईंनी सुनेचा हात गच्च धरला.

“आता पाह्य, करिष्मा. नवा झगा घातलेली थे मीच!”

करिष्मा हसली. पलीकडे बसलेला अमरदीपही हसला. आईची ही गोष्ट तो लहानपणापासून ऐकत आला होता. भिलाई-३ या भागात रुळांकाठच्या त्यांच्या वस्तीत एक जर्मन कॅमेरावाला आला होता म्हणे, आणि एवढ्या पोरांतून त्याने नेमकं चंपाला कॅमेऱ्यापुढे उभं केलं. लोकांना ते खरं वाटत नसे. “काकू, जर्मनीवाले तं राउरकेल्याले पोलाद कारखाना बांधाले गेले होते. आपल्या इथं रशियावाले आले,” म्हटलं की संपला विषय.

आणि गेल्या आठवड्यात हुडको कॉलनीत फिल्म सोसायटीचं पोस्टर लागलं. डीटर वोल्मर या जर्मन छायाचित्रकाराचे चित्रपट, त्यात एक माहितीपट चक्क भिलाईवरचा! चंपाबाईंनी अख्खी गल्ली गोळा करून आणली होती.

सोसायटीच्या सूर्यकांतरावांनी आधी ओळख करून दिली. वोल्मर खाणकामगाराचा मुलगा. सारी हयात कॅमेऱ्यामागे गेली, पण मोठे दिवे त्यांनी कधी लावले नाहीत. दारातून, भट्टीतून येईल तेवढा उजेड त्यांना पुरे. कॅमेऱ्याजवळचं माणूस ते काळोखात ठेवत आणि उजेड मागे, खोलवर. चंपाबाईंनी यातलं काही ऐकलं नाही. त्यांचा जीव पडद्यात अडकला होता.

रूळ आले. कारखान्याच्या चिमण्या आल्या. मग एका झोपडीच्या आतला अंधार, आणि पुढ्यात दोन वेण्यांची पोर.

“मीच! थे मीच हाव!”

गल्लीने टाळ्या पिटल्या. पोर कॅमेऱ्याकडे वळली. चेहऱ्याच्या जागी नुसता काळोख. ना डोळे, ना नाक. टाळ्या विरल्या. “ही तर कोणीबी असू शकते,” मागून कोणी तरी बोललं.

“जाऊ द्या, आई,” करिष्मा हळूच म्हणाली.

पण चंपाबाईंची नजर त्या पोरीवर नव्हतीच. पोरीच्या पाठीमागे उघड्या दारात लख्ख ऊन होतं. त्या उन्हात एक बाई पदराला हात पुसत येऊन उभी राहिली. कपाळावरचं गोंदणसुद्धा स्वच्छ दिसत होतं. तिचे ओठ हलले. माहितीपटाला आवाज नव्हता, तरी चंपाबाईंना हाक ऐकू आली.

“थांबवा! सूर्यकांतभाऊ, थांबवा तिथंच!”

चित्र थांबलं. अमरदीप घाबरून वळला. “काय झालं, आई?”

चंपाबाई उभ्या राहिल्या होत्या. त्यांची माय रुक्मा हे चित्रण झालं त्याच वर्षी तापाने गेली. तिचा फोटो कधी कोणी काढलाच नव्हता. घरात तिचं फक्त नाव उरलं होतं.

“उभा राय, अमरदीप,” त्या म्हणाल्या. “तुयी आजी आली.”