साहेब थांब्यावर आहेत

सव्वाआठची बस परिवहन खात्याने बंद केली आणि नर्स असलेल्या माझ्या मावशीची नोकरी जायची वेळ आली. मावशी थेट कोर्टात गेली. न्यायाधीशबाई म्हणाल्या, “वेळापत्रक बनवणाऱ्या साहेबांनी पुढच्या तारखेला यांच्याच थांब्यावरून बसने यावं.” आज अकरा वाजले तरी साहेबांचा पत्ता नाही. त्यांच्या वकिलाने घाम पुसत फोन स्पीकरवर टाकला. “आठपासून उभा आहे, अजून एकही बस नाही... आली, आली!” मावशी ताडकन उठली. “अहो, झाडाखाली नका थांबू, ती पुढे खांबापाशी थांबते! पळा!” अख्खं कोर्ट उभं राहिलं. पट्टेवाला ओरडला, “हात करा, हात!” फोनमधून धापा ऐकू आल्या, मग हॉर्न, मग शांतता. “गेली,” साहेब रडवेले झाले. “ताई, पुढची कधी?” “दोनला.” “सव्वाआठचीच बरी होती की हो!” न्यायाधीशबाई लघुलेखकाकडे वळल्या. “शब्दशः लिहा.”