अकरा ते एक

रविवारी सकाळी साडेदहाला फोन आला आणि अकराच्या आत निलेश पोलीस ठाण्यातल्या प्लास्टिकच्या खुर्चीवर बसला होता. जबाब राहिलाय, लगेच या, एवढंच हवालदारांनी फोनवर सांगितलं होतं. जबाब घेणारे साहेब बाहेर गेले होते.

तक्रार मेहुण्याची होती. निलेशने फोनवर धमकावलं, असं अमितने लिहून दिलं होतं. असा फोनच झाला नाही, असं निलेशचं म्हणणं. खरं-खोटं व्हायचं तेव्हा होईल. पण मागच्या दोन्ही भेटींच्या रविवारी त्याला असंच बोलावून असंच बसवून ठेवलं होतं. सहा वर्षांच्या लेकीला, मनूला, भेटायला कोर्टाने दिलेली वेळ अकरा ते एक, परळच्या बागेत. दोन्ही वेळा वडील आले नाहीत, एवढीच नोंद झाली. आजही पोचला नाहीत तर वेगळी राहणारी त्याची बायको आकांक्षा, तिचे वकील भेटीच बंद करायला सांगतील, आणि मग माझ्याकडे बोलायला काही उरणार नाही, असं त्याच्या वकीलबाईंनी बजावलं होतं.

पावणेबाराला तो उठला. हवालदार चहात बिस्कीट बुडवत होते.

"मला अटक केलीय का?"

"कोण बोललं अटक? चौकशीला सहकार्य करताय तुम्ही."

घरचं काम आहे, दोनला परत येतो, असं त्याने सांगून पाहिलं.

"बसा ओ," हवालदार म्हणाले. "बाग काय पळून जाते?"

निलेशने बागेचं नावही काढलं नव्हतं.

तो दाराकडे चालू लागला. कुणी अडवलं नाही, हाकही मारली नाही. पायऱ्यांवरून त्याने वळून पाहिलं, तर हवालदार कप बाजूला सारून फोन लावत होते.

टॅक्सी लालबागच्या सिग्नलला अडकली असताना आईचा फोन आला. त्याची आई अंबिका सकाळपासून बागेत होती. कोर्टाच्या हुकुमात आजीचं नाव नव्हतं, म्हणून आकांक्षा तिला जवळ येऊ देत नव्हती. ती नातीला लांबूनच बघत होती.

"निलू, खंय आसस? हंय दोन पोलीस इलेत."

"कशाला?"

ते तिलाही कळलं नव्हतं. बाबा कुठेत, असं त्यांनी मनूला विचारलं, तेवढं तिच्या कानावर आलं. मनूने झोक्यावरूनच सांगितलं, येतायत, आज नक्की येतायत. मग त्यांनी तिला उतरवून बाकावर बसवलं. आता तिच्या एका बाजूला एक, दुसऱ्या बाजूला एक, असे दोघं बसून होते, फाटकाकडे तोंड करून.